पैसा, पगार, व्याज आणि विश्वास: पुण्यातल्या ख्रिस्ती मंडळींचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

रविवारची उपासना संपल्यावर बाहेर चहा घेताना, युवक संघाच्या ग्रुपवर, कधी रात्री उशिरा पर्सनल मेसेज करून लोक हेच प्रश्न परत परत विचारतात, म्हणून सगळे एका जागी लिहून ठेवतोय. कॅथलिक, सीएनआय (चर्च ऑफ नॉर्थ इंडिया), मेथडिस्ट, पेंटेकॉस्टल सगळीकडून प्रश्न आलेत, जिथे शिकवणीत फरक आहे तिथे तसं सांगितलंय आणि जिथे माझं स्वतःचं मत आहे तिथे तेही सांगितलंय. टॅक्स आणि कायद्याचं जे लिहिलंय ते दिशा कळावी म्हणून, प्रत्यक्ष सही करायच्या आधी सीएला किंवा वकिलाला विचारा.

१. बायबल म्हणतं पैसा सगळ्या पापाचं मूळ आहे, मग कमवायचंच नाही का?

बायबल असं म्हणत नाही. १ तीमथ्य ६:१० मधे द्रव्याच्या लोभाबद्दल लिहिलंय, द्रव्याबद्दल नाही. प्रेषित पौल स्वतः करिंथमधे अक्विला आणि प्रिस्किल्ला यांच्यासोबत तंबू शिवून पोट भरायचा (प्रेषितांची कृत्ये १८:३). आणि इफिस ४:२८ वाचा, तिथे चोरी करणाऱ्याला सांगितलंय की चोरी सोड, हातांनी काम कर, कशासाठी तर गरजवंताला द्यायला तुझ्याजवळ काही असावं म्हणून. म्हणजे कमवायचं आहेच, पण ते फक्त आपल्या घरापुरतं नाही.

एक गोष्ट इथेच सांगून ठेवतो कारण खालच्या बऱ्याच उत्तरांत ती येणार आहे. मोशेच्या नियमशास्त्रातले पैशाबद्दलचे नियम सलग वाचले की लक्षात येतं की ते पुन्हा पुन्हा एकच गोष्ट बघतात, या व्यवहारात कमजोर कोण आहे आणि काही बिघडलं तर त्याचा तोटा कोणाच्या अंगावर पडणार आहे. मी तरी प्रत्येक प्रश्नाला आधी हेच लावून बघतो.

२. येशू म्हणतो श्रीमंताने देवाच्या राज्यात जाण्यापेक्षा उंटाने सुईच्या नाकातून जाणं सोपं, मग श्रीमंत माणूस तरला जाणारच नाही का?

आधी एक गैरसमज काढून टाकू. बऱ्याच उपदेशांत सांगतात की यरुशलेमला "सुईचं नाक" नावाचा छोटा दरवाजा होता आणि उंट गुडघ्यावर बसून त्यातून जायचा. असा दरवाजा येशूच्या काळात होता याचा काही पुरावा नाही, ही गोष्ट कितीतरी शतकांनंतर आलीय. येशूला अशक्यच म्हणायचं होतं, म्हणून तर शिष्य घाबरले आणि मग तो म्हणाला की माणसांना जे अशक्य आहे ते देवाला शक्य आहे.

पण बायबलमधे पैसेवाले विश्वासणारे आहेत. जांभळ्या कापडाचा व्यापार करणारी लुदिया आहे, अरिमथाईचा योसेफ आहे. जकातदार जक्कय तर फार महत्त्वाचा (लूक १९), त्याने अर्धी मालमत्ता गरिबांना दिली आणि ज्यांना लुबाडलं त्यांना चौपट परत केलं. लोक अर्धी मालमत्ता लक्षात ठेवतात आणि चौपट विसरतात. दान वेगळं आणि लुबाडलेलं परत करणं वेगळं, जक्कयाने दोन्ही केलं.

३. दशमांश ग्रॉसवर द्यायचा की हातात येतो त्या पगारावर?

सगळ्यात जास्त वेळा आलेला प्रश्न. जुन्या करारात दशमांश शेतातलं पीक, फळं, गुरंढोरं यांचा होता (लेवीय २७:३०-३२), तिथे पगाराची स्लिप नव्हती, पीएफ नव्हता, त्यामुळे ग्रॉस की नेट याचं उत्तर वचनात शोधू नका, सापडणार नाही. अनुवाद १४:२२-२९ मात्र जरूर वाचा, कारण ते क्वचितच शिकवलं जातं. तिथे दशमांशाचा एक भाग कुटुंबाने देवासमोर बसून आनंदाने खायचा आहे आणि दर तिसऱ्या वर्षी तो लेवी (देवाची सेवा करणारे), परका, अनाथ आणि विधवा यांच्यासाठी गावातच ठेवायचा आहे.

नव्या करारात मंडळीला टक्केवारी घालून दिलेली नाही. पौल म्हणतो मिळकतीच्या मानाने बाजूला काढा (१ करिंथ १६:२) आणि कुरकुरत किंवा भाग पडतं म्हणून देऊ नका (२ करिंथ ९:७). कॅथलिक कायद्यातही विश्वासणाऱ्यांनी चर्चच्या गरजा भागवाव्यात एवढंच आहे, दहा टक्क्यांचा आकडा नाही.

माझं मत विचाराल तर टॅक्स तुमच्या हातात कधी आलाच नाही, तो सोडून द्या, पण पीएफ तुमचीच बचत आहे त्यामुळे तो कायमचा हिशेबातून गाळू नका. आणि येरवड्यात भाड्याच्या खोलीत राहून महिन्याला अठरा हजार कमावणाऱ्याचे दहा टक्के आणि खराडीत स्वतःचा फ्लॅट असलेल्याचे दहा टक्के हे सारखे नसतात, पहिल्याच्या घरी त्याने भाजी कमी येते आणि दुसऱ्याला कळतही नाही. ज्याला परवडतं त्याने दहावर थांबू नये आणि ज्याला परवडत नाही त्याला दहा नाही दिले म्हणून कोणी शापाची भीती घालू नये. गरीब विधवेने अर्पण केलेल्या दोन टोल्यांची (छोट्या नाण्यांची) गोष्ट अर्पणाच्या आधी हमखास वाचतात, पण मार्क १२ मधे त्याच्या लगेच आधी येशू विधवांची घरं गिळणाऱ्या शास्त्र्यांवर चिडलाय, ते ४० वं वचन सोडून पुढचं वाचू नये.

४. होम लोन, क्रेडिट कार्ड सगळं चालू आहे, तरी दशमांश आधी काढायचा का?

क्रेडिट कार्डावर उधार घेऊन अर्पण देऊ नका, सरळ सांगतो. रोम १३:७-८ म्हणतं ज्याचं जे देणं आहे ते देऊन टाका. आणि मार्क ७:९-१३ मधे येशू अशा लोकांना बोललाय जे देवाला वाहिलं असं सांगून आईवडिलांना लागणारे पैसे अडवून ठेवायचे. आईचं औषध, मुलांची फी, कामवालीचा पगार, कर्जाचा हप्ता हे थकवून दिलेलं अर्पण त्याच जातीचं आहे. तोपर्यंत थोडं द्या, जमेल तेवढं, लाज बाळगू नका.

५. चर्चला दिलेल्या पैशावर टॅक्समधे सूट मिळते का?

निव्वळ धार्मिक कामासाठी दिलेल्या अर्पणावर सहसा नाही. शाळा, दवाखाना, अनाथाश्रम अशी धर्मादाय कामं करणाऱ्या आणि त्यासाठी मान्यता असलेल्या ट्रस्टला दिलं तर मिळते, लोक जिला ८०जी म्हणतात ती. रोख दिले तर २,००० रुपयांच्या वर सूट नाही आणि नवीन टॅक्स रिजीम घेतली असेल तर ही सूट नाहीच. पावती खोटी फुगवून मागू नका, ते काय आहे हे सांगायला नको.

६. व्याज घेणं पाप आहे ना? मग माझी एफडी?

हा प्रश्न वाटतो तेवढा साधा नाही कारण चर्चने हजारेक वर्षं व्याजाला कडक विरोध केलाय. नायसियाच्या परिषदेने ३२५ मधे व्याज घेणाऱ्या पाळकांना पदावरून काढायचं ठरवलं, ११७९ च्या तिसऱ्या लॅटरन परिषदेने उघडपणे सावकारी करणाऱ्यांना ख्रिस्ती दफन नाकारलं. मग सोळाव्या शतकात प्रोटेस्टंट सुधारक कॅल्विनने फरक केला की अडलेल्या गरिबाकडून व्याज नको, पण जो धंदा वाढवायला कर्ज घेतोय त्याच्या नफ्यातला वाजवी वाटा घेता येतो. कॅथलिक बाजूला १५१५ मधे गरिबांना तारणावर कर्ज देणाऱ्या संस्थांना खर्चापुरती छोटी रक्कम घ्यायची परवानगी मिळाली, १७४५ मधे पोप बेनेडिक्ट चौदावे यांनी कर्जावरच्या व्याजाविरुद्धचं जुनं तत्त्व पुन्हा मांडलं, पण काही वेगळ्या कारणांनी मोबदला घेता येतो हेही मान्य केलं.

आता वचन बघा. निर्गम २२:२५ आणि लेवीय २५:३५-३७ दोन्हीकडे कर्ज घेणारा कोण आहे, तर गरीब झालेला भाऊ, ज्याचे हात टेकलेत. निर्गममधे लगेच पुढे म्हटलंय की त्याचं पांघरूण गहाण घेतलं असेल तर सूर्य मावळायच्या आत परत दे, कारण तो रात्री काय पांघरणार. अनुवाद २३:२० मधे परक्याकडून व्याज घ्यायची परवानगीही आहे. म्हणजे जोर माणसाच्या अडचणीवर पैसा कमवू नका यावर आहे.

म्हणून बँकेतली एफडी, पीपीएफ, पतसंस्थेतली ठेव याने मला त्रास होत नाही (पतसंस्था निवडताना तिचा ऑडिट रिपोर्ट बघा एवढंच). पण सोसायटीच्या वॉचमनला, शेजारच्या रिक्षावाल्याला महिना शेकडा पाचने पैसे फिरवायचे, म्हणजे वर्षाला साठ टक्के, आणि रविवारी पुढच्या बाकावर बसायचं, हे नाही चालत. कायद्यानेही नाही, २०१४ च्या महाराष्ट्र सावकारी कायद्याप्रमाणे लायसन्सशिवाय सावकारीचा धंदा गुन्हा आहे. येशूच्या एका दाखल्यातला (बोधकथेतला) धनी "पैसे सावकाराकडे का नाही ठेवलेस" म्हणतो (मत्तय २५:२७) ते लोक पुढे करतात, पण तो दाखला आहे, येशू तिथे व्याजाचा दर शिकवत नाहीये.

७. मंडळीतल्या भावाने हातउसने घेतले, परत देत नाही. मागू का? आणि लोनला जामीनदार राहू का?

मागा. लूक ६:३५ परत मिळायची आशा न ठेवता द्या म्हणतं, म्हणून मी लोकांना सांगतो की अडलेल्याला तेवढेच द्या जेवढे बुडाले तरी नातं तुटणार नाही, आणि ते मनात दान म्हणूनच द्या. पण ज्याच्याकडे आहेत, गाडी नवीन घेतलीय, आणि तरी टाळतोय, त्याच्याकडे दोन माणसं घेऊन जाऊन मागणं यात अविश्वास नाही, मत्तय १८ ची तीच पद्धत आहे. लिहून घेणं यातही काही वाईट नाही.

जामीनदार राहण्याबद्दल नीतिसूत्रे २२:२६-२७ फार स्पष्ट आहे, फेडायला काही नसेल तर तुझ्या अंगाखालचं अंथरूण का जावं. भारतीय करार कायद्यात जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराएवढीच असते, बँक आधी तुमच्याकडेही येऊ शकते. सही करायची तर ते कर्ज आपणच फेडणार आहोत असं धरून घरात बायकोला किंवा नवऱ्याला सांगून करा.

८. भिशी चालते का?

साधी भिशी, चिठ्ठी काढून नंबर लागतो ती, माझ्या मते उत्तम, महिला मंडळातल्या कितीतरी घरांची फी आणि लग्नं त्यावर झालीत. बोलीच्या भिशीत मात्र जो सगळ्यात अडलेला तोच सगळ्यात कमी रकमेला बोली लावून पैसे उचलतो आणि बाकीचे तो फरक वाटून घेतात. प्रश्न ६ मधलं पांघरूण आठवा.

९. आम्ही मे महिन्यात गावाला जातो तेव्हा कामाच्या मावशींचा पगार कापतो. यात चूक काय, कामच होत नाही ना?

काम होत नाही ते तुम्ही नसल्यामुळे, त्या यायला तयार आहेत. तुमची कंपनी तुम्हाला रजेचा पगार देते, तो घेऊन तुम्ही महाबळेश्वरला गेलात आणि त्याच दिवसांचा पगार मावशींचा कापला, आता प्रश्न १ मधली गोष्ट लावून बघा, तुमच्या सुट्टीचा खर्च कोणी भरला.

याबाबतीत बायबल जेवढं कडक आहे तेवढं फार थोड्या गोष्टींत आहे. मजुराची मजुरी रात्रभर स्वतःकडे ठेवू नको (लेवीय १९:१३). सूर्य मावळायच्या आत दे कारण तो गरीब आहे आणि त्याचं सगळं लक्ष त्यावर लागलेलं असतं, मग तो तुझा भाऊ असो की तुझ्या गावात आलेला परका (अनुवाद २४:१४-१५). याकोब ५:४ मधे तर अडवून ठेवलेली मजुरीच ओरडतेय आणि ते ओरडणं देवाच्या कानी गेलंय. "पाच तारखेला एटीएम बंद होतं, दहाला देते" हे आपल्याला किरकोळ वाटतं, तिकडे घरभाडं थांबतं आणि मग प्रश्न ६ मधला शेकडा पाचवाला माणूस दारात येतो.

किती द्यावं असंही विचारतात. पोप लिओ तेरावे यांनी १८९१ च्या आपल्या परिपत्रात एक मुद्दा मांडला तो मला आजही पटतो, की दोघांनी राजीखुशीने ठरवलं म्हणून पगार न्याय्य होत नाही, काटकसरीने राहणाऱ्या कामगाराचं पोट त्यात भरलं पाहिजे. त्यामुळे "आमच्या सोसायटीत एवढाच रेट आहे" हे उत्तर पुरत नाही. आठवड्याची सुट्टी, आजारपणात पगार, नाताळ-दिवाळीला एक पगार जास्त, एवढं तरी करा.

१०. मग द्राक्षमळ्याच्या दाखल्याप्रमाणे सगळ्यांना सारखाच पगार द्यायचा?

मत्तय २० चा दाखला, ज्यात मालक सकाळी आलेल्या आणि संध्याकाळी पाचला आलेल्या मजुरांना सारखाच एक दिनार देतो, देवाच्या कृपेबद्दल आहे, पगाराचं कोष्टक म्हणून वापरू नका. पण त्यातला तपशील बघा, एक दिनार म्हणजे एका दिवसाची मजुरी, एका घराचं दिवसाचं जेवण. पाच वाजता जे उभे होते ते आळशी नव्हते, "आम्हाला कोणी कामाला लावलं नाही" हे त्यांचं उत्तर आहे. पुण्यातल्या कुठल्याही मजूर अड्ड्यावर दहा वाजता जाऊन बघा, जे उरलेले असतात ते बहुतेक म्हातारे आणि बारीक अंगाचे असतात. संध्याकाळी त्यांच्या घरचं पातेलंही तेवढंच असतं, मालकाने तेवढं बघितलं.

११. माझं भोसरीत छोटं युनिट आहे, मोठ्या कंपनीकडून पेमेंट तीन-चार महिने येत नाही, मग मी कामगारांचा पगार कुठून देऊ?

हा त्रास खरा आहे आणि तुम्ही इथे कमजोर बाजूला आहात. उद्यम नोंदणी (छोट्या उद्योगांची सरकारी नोंदणी) करून घ्या, २००६ च्या एमएसएमई कायद्याप्रमाणे करार काहीही असला तरी सूक्ष्म आणि लघु उद्योगांचं पेमेंट ४५ दिवसांत द्यावं लागतं, उशीर झाला तर व्याज मागता येतं. तोपर्यंत जे हातात आहे ते आधी कामगारांना, मग स्वतःला, आणि त्यांना खरी परिस्थिती सांगा, लपवू नका.

पण मला या प्रश्नात दुसऱ्याच माणसाशी बोलायचंय. आपल्या मंडळ्यांमधे मोठ्या कंपन्यांच्या अकाउंट्स आणि परचेसमधे काम करणारे बरेच जण आहेत. ते बिल ज्या टेबलावर पडलंय ते तुमचं टेबल आहे. तुम्ही चोरी करत नाही, लाच घेत नाही, फक्त फाइल पुढच्या महिन्यावर ढकलता कारण तसंच चालतं, आणि त्या एका सहीवर भोसरीत बारा घरांचा पगार थांबलेला असतो. याकोब ५:४ लिहिणाऱ्याला व्हेंडर पेमेंट माहीत नव्हतं, पण त्याने लिहिलंय ते हेच.

१२. रविवारी शिफ्ट लागते, उपासना चुकते, नोकरी सोडू का?

सोडू नका, आधी मॅनेजरशी बोलून आळीपाळीने बदलून मिळतं का बघा, शनिवार संध्याकाळची किंवा दुसऱ्या वेळेची उपासना बघा. शब्बाथ, म्हणजे विश्रांतीचा दिवस, माणसासाठी झाला (मार्क २:२७). दुसरी बाजूही बघा, अनुवाद ५:१४ मधे विश्रांती तुमच्या दासदासींनाही आहे, बैलालाही आहे, म्हणून आपल्या रविवारसाठी स्वयंपाकाच्या बाईंचा रविवार जात असेल तर त्यांना दुसरा दिवस द्या.

१३. फ्लॅट विकतोय, गिऱ्हाईक म्हणतं थोडे ब्लॅकमधे घ्या, सगळेच घेतात.

घेऊ नका. कायद्याने जागेच्या व्यवहारात २०,००० किंवा जास्त रोख घेता येत नाही, घेतली तर तेवढाच दंड बसू शकतो. लेवीय १९:३५-३६ खोट्या मापाबद्दल आहे आणि रजिस्टरला लिहिलेला कमी आकडा हे खोटं मापच आहे. तोटा होईल, वेळ लागेल, हेही खरं. असं नकार देऊन दोन-दोन वर्षं थांबलेले लोक मंडळीत आहेत आणि त्यांच्याकडे वेडे म्हणून बघणं आपण तरी थांबवलं पाहिजे.

१४. लाच घेत नाही, पण दिल्याशिवाय दाखला मिळत नसेल तर?

घेणं आणि देणं बायबलने एकाच तराजूत टाकलेलं नाही. निर्गम २३:८ लाच घेऊ नको म्हणतं, बाप्तिस्मा करणारा योहान जकातदारांना आणि शिपायांना सांगतो की ठरलेल्यापेक्षा जास्त घेऊ नका (लूक ३:१२-१४). दुसऱ्याचा नंबर मागे टाकायला पैसे दिले तर तुम्ही थेट गुन्ह्यात आहात. स्वतःच्या हक्काच्या कागदासाठी अडवणूक करून काढून घेतले तर तुम्ही लुबाडले गेलात, तरी कायद्याने त्यातून सुटायचं असेल तर सात दिवसांत तक्रार करावी लागते. पैसे द्यायच्या आधीच १०६४ वर लाचलुचपत विभागाला फोन करा. एकट्याला भीती वाटते म्हणून मंडळीतल्या कोणीतरी सोबत जावं असं मी नेहमी म्हणतो.

१५. शेअर मार्केट म्हणजे जुगार ना?

कंपनीत भागीदारी घेऊन वर्षानुवर्षं थांबणं जुगार नाही, ती कंपनी काय विकते तेवढं बघा. एफ अँड ओ (फ्युचर्स आणि ऑप्शन्स, म्हणजे शेअरच्या पुढच्या भावावरचे सौदे) वेगळं. शेअर बाजारावर नियंत्रण ठेवणाऱ्या सेबीने २०२४ मधे जो अभ्यास काढला त्यात तीन वर्षांत ९३ टक्के वैयक्तिक ट्रेडर तोट्यात होते. टेलिग्रामवर टिप घेऊन बायकोचं सोनं तारण ठेवणाऱ्या पोरांसाठी हे लिहितोय, थांबा आणि घरी सांगा.

१६. एक प्रचारक म्हणतात विश्वासाने बी पेरा, शंभरपट मिळेल. आईने बांगड्या दिल्या.

मार्क १० मधलं शंभरपट "छळणुकीसहित" आहे, तो शब्द गाळून वाचतात. पौल उपाशी राहिला, तुरुंगात गेला, त्याचा विश्वास कमी होता का? देवाला दिलं की देव पैशाने परत करतो ही शिकवण गरिबाला दोनदा मारते, आधी बांगड्या जातात आणि मग काही मिळालं नाही की तुझाच विश्वास कमी पडला म्हणतात. आईवर रागावू नका, त्यांनी मनापासून दिलंय, पण हिशेब मागा, पुढचा प्रश्न बघा.

१७. चर्चचा हिशेब मागितला की बंडखोर म्हणतात.

पौलाने यरुशलेमची मदत नेताना मुद्दाम दुसरी माणसं सोबत घेतली, कोणी बोट दाखवू नये म्हणून (२ करिंथ ८:२०-२१). पौलाला जे कमीपणाचं वाटलं नाही ते कोणत्याही कमिटीला वाटू नये. नोंदणीकृत पब्लिक ट्रस्टला ऑडिट करून धर्मादाय आयुक्तांकडे हिशेब द्यावा लागतो आणि जागा विकायची तर आधी त्यांची परवानगी लागते. आवाज न चढवता, लेखी मागा.

१८. चर्चच्या दारात मागणाऱ्याला पैसे द्यायचे की काम?

भुकेल्याला आधी जेवण, उपदेश नंतर. त्यापुढे काय, ते इथून जवळ केडगावला पंडिता रमाबाईंनी दाखवून ठेवलंय. १८९६-९७ च्या दुष्काळातून आणलेल्या मुली-बायकांना त्यांनी नुसतं ठेवून घेतलं नाही, शेती, विणकाम, छपाई शिकवली आणि मुक्ती मिशनचं काम त्यांच्याच हातांनी चालवलं.

१९. आम्ही मूळचे अनुसूचित जातीतले. कागदावर हिंदू ठेवलं तर मुलीला स्कॉलरशिप मिळते, ख्रिश्चन लिहिलं तर जाते. काय करू?

हा प्रश्न लोक सगळ्यात हळू आवाजात विचारतात. १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशाने अनुसूचित जातीचा दर्जा फक्त हिंदूंना ठेवला, १९५६ मधे शीख आणि १९९० मधे बौद्ध त्यात आले, ख्रिस्ती अजून बाहेर आहेत (अनुसूचित जमातींना ही धर्माची अट नाही). बाप्तिस्म्याने जात बघणारे शेजारी बदलत नाहीत, गरिबी जात नाही, म्हणून हा नियम अन्यायाचा आहे असं माझं ठाम मत आहे आणि तो बदलावा म्हणून आपण बोललंच पाहिजे.

पण खोटं प्रतिज्ञापत्र करा असं मी सांगू शकत नाही. नोव्हेंबर २०२४ मधे सुप्रीम कोर्टाने अशाच केसमधे, फक्त आरक्षणासाठी हिंदू असल्याचं सांगणं ही राज्यघटनेची फसवणूक आहे असं म्हटलं, आणि उद्या दाखला रद्द झाला तर मुलीची डिग्री आणि नोकरी दोन्ही धोक्यात. महाराष्ट्रात अनुसूचित जातीतून ख्रिस्ती झालेल्यांना ओबीसीत धरतात, त्या दाखल्याचं आणि अल्पसंख्याक स्कॉलरशिपचं आधी बघा, शिवाजीनगर कोर्टात जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे सल्ला मिळतो. ज्यांनी आधीच कागदावर तसं ठेवलंय त्यांना प्रभुभोजनापासून लांब ठेवा म्हणणाऱ्यांशी मी सहमत नाही, विशेषतः ज्यांना स्वतःला कधी हे निवडावं लागलं नाही त्यांनी तर बोलूच नये.

आणि खरं लिहिल्यामुळे मुलीची जी फी वाढते ती त्या एका घराने का भरायची? ती मंडळीने भरावी. यरुशलेममधे काही विधवा रोजच्या वाटपातून सुटतायत अशी तक्रार आली तेव्हा प्रेषितांनी त्यांना प्रार्थना करा म्हणून परत पाठवलं नाही, सात माणसं नेमून वाटप लावून दिलं (प्रेषितांची कृत्ये ६). तुमच्या चर्चमधे शिक्षण निधी असेल तर फीच्या तारखेच्या महिनाभर आधी अर्ज द्या, नसेल तर पुढच्या कमिटी मीटिंगला हा विषय लेखी घाला, सोबत अजून दोन घरांच्या सह्या घ्या.